आयात आणि आवक : करमाडकडून पाहिलेला सुक्या मासळीचा व्यापार

सुक्या मासळीच्या आयातीचा आणि तिच्या किमतींच्या चढउताराचा इतिहास लिहू पाहणाऱ्या अभ्यासकाला पहिली अडचण भासते ती 'आयात' या शब्दाची. व्यापाऱ्याच्या वहीत हा शब्द सहसा येत नाही. तेथे 'आवक' असते. माल आला, उतरला, विकला गेला, एवढेच त्या शब्दाला अभिप्रेत असते; तो कोणती सीमा ओलांडून आला याची त्याला पर्वा नसते. 'आयात' मात्र सीमेवाचून संभवत नाही. सरकारी तक्त्यात जो आकडा आयात म्हणून नोंदला जातो, तो एखादी सीमा व त्या सीमेवरचा नाका गृहीत धरूनच नोंदला जातो. सीमा हलली की आकडा हलतो. माणसाच्या ताटातील मासळी तेवढीच राहिली असली तरीही हलतो. ही साधी गोष्ट दृष्टीआड केल्यामुळे व्यापाराच्या आलेखावरून काढलेली पुष्कळ अनुमाने लटकी पडतात. प्रस्तुत निबंधात या प्रश्नाचा विचार समुद्रापासून दूर असलेल्या एका ठिकाणाहून केला आहे.

हे ठिकाण करमाड होय. औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर) व जालना या दोन मोठ्या पेठांच्या मध्ये, दोहोंना जोडणाऱ्या रस्त्यावर आणि लोहमार्गावर हे गाव वसलेले आहे. समुद्राशी त्याचा प्रत्यक्ष संबंध नाही, आणि मासळीच्या व्यापाराचे केंद्र म्हणूनही ते कधी गाजलेले नाही. नेमक्या याच कारणाने ते उपयोगी आहे. बंदरावर उभे राहून पाहिले की व्यापार गलबतांचा दिसतो. करमाडकडून पाहिले की तो नाक्यांचा, नाण्यांचा आणि मापांचा दिसू लागतो.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत कोकणचा सुका माल घाट चढून देशावर येई तो बैलांच्या पाठीवरून व गाड्यांतून. मिठाची ने-आण करणारे लमाणांचे तांडे याच वाटांनी चालत. पुढे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा रुंद मार्ग थळघाट चढून मनमाडवरून गेला, आणि १९०० च्या सुमारास मनमाडपासून औरंगाबाद, जालना, परभणी, नांदेडवरून सिकंदराबादकडे जाणारा हैद्राबाद-गोदावरी खोरे रेल्वेचा मीटर रुंदीचा मार्ग सुरू झाला. करमाड या मार्गावरचे एक लहान स्थानक. दोन मार्गांची रुंदी वेगळी असल्यामुळे मुंबईहून येणारा प्रत्येक नग मनमाडला एका वाघिणीतून उतरवून दुसरीत चढवावा लागे. गूळ किंवा कापड यांच्या बाबतीत ही केवळ हमालीची बाब होती. सुक्या बोंबलासारख्या ठिसूळ मालाच्या बाबतीत मात्र प्रत्येक चढउतारीत काही भाग चुऱ्यात जातो, आणि चुरा निम्म्या भावानेही खपत नाही. शिवाय या मालाचा वास शेजारच्या मालाला लागतो म्हणून तो वेगळा ठेवावा लागे. अशा मालाचा खर्च मैलांच्या हिशेबात मोजून भागत नाही.

मनमाडच्या पुढे आणखी एक गोष्ट घडे. गाडी इंग्रजी मुलूख सोडून निजामाच्या राज्यात शिरे. तेथे जे खाते जकात घेई त्याचे नाव 'करोडगिरी'. या शब्दाचा प्रवास मोठा मनोरंजक आहे. अकबराच्या काळात एक कोटी दामांच्या वसुलीचा प्रदेश ज्या अधिकाऱ्याकडे असे त्याला 'करोडी' म्हणत. हा अधिकारी मुख्यतः जमीनमहसुलाचा. उत्तरेत ते पद मागे पडले. हैद्राबादेत मात्र तोच शब्द सीमेवरील जकातीला चिकटून विसाव्या शतकापर्यंत टिकला. १८०२ च्या व्यापारी तहाने इंग्रजी मुलुखातून येणाऱ्या मालावरील जकात मूल्याच्या शेकडा पाच ठरली होती, आणि हा दर पुढे दीर्घकाळ सर्वसाधारण दर म्हणून राहिला. अर्थात मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावर जी मासळी केवळ 'आवक' होती, ती करमाडला पोहोचेपर्यंत परराज्याची 'आयात' बनलेली असे.

सुक्या मासळीवर प्रवेशशुल्क घेण्याची कल्पना मात्र मुळीच नवी नाही. कौटिलीय अर्थशास्त्रात शुल्काच्या प्रकरणात सामान्य 'प्रवेश्य' मालावर मूल्याचा पाचवा भाग सांगितला आहे, आणि फुले, फळे, भाज्या, कंदमुळे यांच्या जोडीला सुकी मासळी व सुके मांस यांवर सहावा भाग. मासळीला भाजीपाल्याच्या रांगेत बसविण्यामागे काय विचार असावा? कोठाराच्या प्रकरणातही सुकी मासळी शाकवर्गातच मोडते. म्हणजे ग्रंथकाराच्या दृष्टीने ती चैनीची वस्तू नव्हती. भाताबरोबर किंवा भाकरीबरोबर तोंडी लावण्याचा जिन्नस होता. या वर्गीकरणातील जाण पुढच्या काळातील कित्येक जकातदारांना दाखविता आली नाही, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

आता किमतीकडे वळू. अंतर्भागात पोहोचलेल्या सुक्या मासळीच्या किमतीत खुद्द मासळीचा वाटा किती आणि इतर गोष्टींचा किती, हा प्रश्न विचारला म्हणजे सुक्या मासळीचे दोन वेगळे व्यापार होते हे ध्यानात येते. एक बिनमिठाचा, दुसरा मिठाचा.

उत्तर कोकणात, म्हणजे सातपाटी, अर्नाळा, वसई, वर्सोवा, उरण या पट्ट्यात, डोल जाळ्याने पकडले जाणारे बोंबील, जवळा, मांदेली हे मासे मुख्यतः उन्हातच वाळवितात. बोंबलाच्या अंगात पाण्याचा अंश शेकडा ८५ च्याही वर असतो. दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून ते बांबूच्या वलांडीवर टांगले, आणि पावसाळ्यानंतरचा कोरडा वारा मिळाला, की काही दिवसांत ते काडीसारखे होतात. जवळा तर जमिनीवर पसरला तरी पुरते. या कामाला मीठ लागत नाही. ऊन, वारा आणि कोळणींचे श्रम लागतात. दक्षिणेकडे चित्र वेगळे. मालवण, वेंगुर्ले, कारवार या किनाऱ्यावर बांगडा, सुरमई, मुशी असे तेलकट किंवा जाड मांसाचे मासे येतात, आणि ते नुसत्या उन्हाने टिकत नाहीत. ते चिरून खारवावे लागतात. तीन ते चार भाग मासळीस एक भाग मीठ, असे साधारण प्रमाण धरले जाते.

मीठ म्हटले की सरकार आलेच. मुंबई इलाख्यात मिठावरील कर १८८२ मध्ये मणामागे २ रुपये होता. १८८८ मध्ये तो २ रुपये ८ आणे झाला. १९०३ मध्ये २ रुपये, १९०५ मध्ये दीड रुपया, १९०७ मध्ये १ रुपया असा तो उतरत गेला. १९१६ मध्ये सव्वा रुपया, आणि १९२३ मध्ये विधिमंडळाचा विरोध डावलून व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांनी स्वतःच्या अधिकारात तो पुन्हा अडीच रुपये केला. पुढील वर्षीच तो सव्वा रुपयावर आणावा लागला. १९३१ च्या अधिभाराने १ रुपया ९ आणे झाला. १ एप्रिल १९४७ पासून तो रद्द झाला.

या आकड्यांचा अर्थ मासळीच्या भाषेत लावून पाहावा. एक मण ताज्या मासळीस दहा ते तेरा शेर मीठ लागते असे धरले, तर अडीच रुपयांच्या दराने नुसत्या कराचा बोजा दहा ते तेरा आणे पडतो. एक रुपयाच्या दराने तो चार ते सव्वापाच आणे. मिठाची मूळ किंमत आगरावर याच्या मानाने क्षुल्लकच असे. म्हणजे खारवलेल्या बांगड्याच्या किमतीतील मिठाचा भाग हा वस्तुतः कराचा भाग होता, आणि त्याच ऋतूत त्याच बाजारात शेजारी ठेवलेल्या सुक्या बोंबलावर त्यातला एक आणाही पडत नव्हता. दोन्ही मालांचे भाव एकाच 'सुकी मासळी' या सदरात घालून सरासरी काढणारे तक्ते किती फसवे ठरतात, हे यावरून कळून येईल. १९०३ ते १९०७ मधील करकपातीने खाऱ्या मासळीला जो उठाव मिळणे शक्य होते तो अशा सरासरीत बुजून जातो, आणि १९२३ ची अचानक वाढ तर एका वर्षाची असल्यामुळे दिसतही नाही.

ही विसंगती समकालीनांच्या नजरेतून सुटली नव्हती. मत्स्यविद्येचे अभ्यासक डॉ. फ्रान्सिस डे यांनी १८७३ मध्ये हिंदुस्थान व ब्रह्मदेशाच्या सागरी मासेमारीवर सरकारला सादर केलेल्या अहवालात मिठाच्या कराने खारवण्याचा धंदा कसा आक्रसतो हे मांडले. त्यानंतर मद्रास इलाख्यात, आणि मुंबई इलाख्याच्या दक्षिण भागात रत्नागिरी व कारवार किनाऱ्यावर, मासळी खारवण्याची सरकारी आवारे निघाली. तेथे कोळ्यांना कमी दराने मीठ मिळे. अट एवढीच की मासळी तेथेच, खात्याच्या देखरेखीखाली खारवावी. ही सवलत म्हणून वाखाणली गेली आहे. तथापि सवलतीचे मीठ आवाराबाहेर जाऊ नये यासाठी उभारलेली पहाऱ्याची व्यवस्था, आवारापर्यंत माल वाहून नेण्याचा त्रास आणि मोजदादीत जाणारा वेळ यांचीही किंमत असते, आणि उष्ण किनाऱ्यावर उशीर झालेला मासा खारवूनही चांगला होत नाही. उत्तर कोकणच्या कोळ्याला या साऱ्यातून जावे लागले नाही, कारण त्याला मिठाची गरजच नव्हती.

कराचा हा पसारा इंग्रजी हद्दीपुरताही राहिला नाही. १८७८ च्या इंग्रज-पोर्तुगीज तहान्वये गोव्यातील मिठागरांचे नियंत्रण इंग्रजी खात्याकडे आले, आणि त्याचा मोबदला म्हणून पोर्तुगीज सरकारला वर्षाला चार लाख रुपये देण्याचे ठरले. १८९२ मध्ये तहाची मुदत संपेपर्यंत गोव्याचे स्वस्त मीठ, आणि त्या मिठात मुरलेली मासळी, दोहोंवर लगाम होता. परदेशातून येणाऱ्या खाऱ्या मासळीवरील जकातीची रचनाही याच हेतूने झालेली दिसते. इतर बहुतेक मालावर मूल्यानुसार जकात असताना खाऱ्या मासळीवर ती मणामागे, वजनावर ठेवली होती, आणि तिचा नेमका दर अधिसूचनेने ठरे. मासळीच्या अंगातून मीठ चोरवाटेने येऊ नये, ही त्यामागची चिंता. सरकारच्या दृष्टीने खारा मासा हा मिठाचाच एक प्रकार होता असे म्हटले तर ते अगदीच वावगे होणार नाही.

युरोपच्या इतिहासात याला एक समांतर उदाहरण आहे. नॉर्वेच्या उत्तर किनाऱ्यावर थंड कोरड्या हवेत मिठावाचून वाळविलेला कॉड मासा बर्गेन बंदरातून हान्सा संघाच्या व्यापाऱ्यांनी शतकानुशतके विकला. खारवलेला कॉड मात्र दक्षिणेकडील मिठाच्या पुरवठ्यावर अवलंबून राहिला. दोन्हींचे बाजार, दोन्हींची नावे आणि दोन्ही खाणारे लोक वेगळे होत गेले. कोकणात हवामानाने जो भेद निर्माण केला होता तो मिठाच्या कराने अधिक रुंद केला, एवढा फरक.

आता अंतर्भागातील भाषा पाहिली तर काय आढळते? 'शुष्क' या संस्कृत शब्दापासून प्राकृत 'सुक्क' व त्यापासून मराठी 'सुका' झाला. 'सुकट' हे त्याचेच अपत्य. 'क्षार' पासून 'खार', 'खारा', 'खारवणे' ही दुसरी शाखा. कोकणात दोन्ही शाखा भरघोस आहेत. सोडे, करंदी, जवळा, वाकटी, खारा बांगडा, खारी सुरमई असा प्रत्येक जिनसाला वेगळा शब्द आहे. देशावर व मराठवाड्यात मात्र 'सुकट-बोंबील' हे जोडनाव साऱ्या सुक्या मासळीसाठी वापरले जाते. 'खाऱ्या'ची शाखा तेथे खुरटलेली दिसते. हा केवळ योगायोग मानता येईल काय? मुंबई व ठाण्याचा किनारा लोहमार्गाने मनमाडला जोडलेला होता आणि रत्नागिरीचा नव्हता, हे एक कारण उघडच आहे. बोंबील हलका असतो, त्यामुळे वजनावरच्या भाड्यात परवडतो, हे दुसरे. परंतु खाऱ्या मासळीच्या किमतीवर इंग्रजांचा मिठाचा कर, आणि त्या कर धरून झालेल्या किमतीवर पुन्हा निजामाची शेकडा पाच जकात, असा करावर कर बसत होता, हे तिसरे कारणही तितकेच खरे. ज्या मालाला अंतर्भागात खपण्याची संधीच मिळाली नाही त्याचे नावही तेथल्या बोलीत रुजले नाही. शब्दांच्या अभावालाही पुरावा म्हणून काही किंमत असते. फक्त तो एकट्याने उभा राहू शकत नाही, त्याला दराच्या तक्त्याचा आधार द्यावा लागतो.

बोंबलाच्या नावाविषयी एक गमतीची गोष्ट येथे नोंदवावी. इंग्रजीत सुक्या बोंबलाला 'बॉम्बे डक' म्हणतात, आणि टपालगाडीच्या 'डाक' शब्दावरून ते नाव पडले अशी कथा अजून सांगितली जाते. परंतु हे नाव १८५३ मध्ये मुंबई-ठाणे गाडी सुरू होण्यापूर्वीच्या इंग्रजी लेखनात आढळते. तेव्हा ही व्युत्पत्ती सोडून देणेच बरे. लोहमार्गाने बोंबलाला नाव दिले नाही, गिऱ्हाईक दिले.

समुद्राच्या बाजूने पाहिले तरी 'आयात' या शब्दाची तीच गत आढळते. मकरानचा किनारा, ग्वादर, ओमान व इराणी आखात येथून खारी मासळी मुंबईत पूर्वापार येत असे. सिंध प्रांत १ एप्रिल १९३६ पर्यंत मुंबई इलाख्यातच होता. त्यामुळे कराचीहून मुंबईला आलेली मासळी ही किनारी व्यापारात मोडे. १९४७ नंतर तीच मासळी परदेशी आयात ठरली. ग्वादर तर १९५८ पर्यंत ओमानच्या सुलतानाकडे होते आणि त्या वर्षी पाकिस्तानने ते विकत घेतले. निर्यातीच्या बाजूलाही असेच. ब्रह्मदेश १ एप्रिल १९३७ रोजी हिंदुस्थानापासून वेगळा होईपर्यंत रंगूनला जाणारी सुकी कोळंबी देशांतर्गत व्यापारात गणली जाई. त्या दिवसापासून ती निर्यात झाली. १९३६-३७ च्या सुमारास परदेशी व्यापाराच्या आकड्यांत दिसणारी उडी पाहून एखाद्याने मासेमारीच्या भरभराटीवर प्रबंध लिहिला, तर दोष आकड्यांचा म्हणता येणार नाही.

याचा अर्थ निर्यातीचा अंतर्भागाशी संबंध नव्हता असा नाही. सिंहल व ब्रह्मदेश ही सुक्या मासळीची मोठी गिऱ्हाइके होती, आणि त्यांची मागणी वाढली की पश्चिम किनाऱ्यावरचा चांगला माल तिकडे ओढला जाई. देशावर येई तो उरलेला. किनाऱ्यावर सर्वांत हलक्या मालाला आणखी एक गिऱ्हाईक असे, ते म्हणजे खत. बिघडलेला किंवा फार बारीक माल कुटून नारळी-पोफळीच्या बागांना घालीत. खताचा भाव हा एका अर्थी सुकटीच्या किमतीचा तळ होता. त्याच्या खाली उतरला तर माल बाजारात येण्याऐवजी बागेत जाई. अंतर्भागातील गरिबाच्या भाकरीबरोबरची सुकट या दोहोंच्या मध्ये, परदेशी खवय्या आणि नारळाचे झाड यांच्या मध्ये, आपली किंमत शोधीत होती.

ती किंमत मोजण्याचे साधनही अंतर्भागात वेगळे होते. निजामाच्या राज्यात हाली सिक्का चाले. इंग्रजी रुपयाला कलदार म्हणत. १०० कलदार रुपये म्हणजे ११६ रुपये १० आणे ८ पै हाली, अर्थात सहास सात हे प्रमाण. मुंबईत १०० कलदार रुपयांना घेतलेला माल नुसत्या चलनबदलाने ११६ रुपये १० आणे ८ पै हालीचा होई, आणि त्यावर शेकडा पाच धरल्यास जकात ५ रुपये १३ आणे ४ पै येई. भाडे, हमाली, चुरा, दलाली हे निराळेच. मुंबईचे व औरंगाबादचे भाव शेजारी मांडून अंतराचा खर्च काढणाऱ्याने नाणे पाहिले नाही, तर सहावा हिस्सा आरंभीच चुकतो.

किरकोळ विक्रीत तर नाणेही मागे पडते. सुकट आणि जवळा वजनावर न विकता मापावर विकण्याची चाल जुनी. दोन निळव्यांचे एक कोळवे, दोन कोळव्यांचे चिपटे, दोन चिपट्यांचे मापटे, दोन मापट्यांचा शेर, ही धान्याची मापेच सुकटीला लागत. बोंबील मोजून, जुडीने जात. मापाचा एक गुण असा की ते शिगेने भरता येते, सपाट भरता येते, आणि हलवून बसविता येते किंवा नाही. एका आण्याचे चिपटे वर्षानुवर्षे एका आण्याचेच राहू शकते, आणि तरीही महागाई होऊ शकते. ज्या गिऱ्हाइकाच्या हातात आठवड्याला ठराविकच पैसे येतात त्याच्याशी भाव वाढवून व्यापार करता येत नाही; माप आखडून करता येतो. म्हणून आठवडी बाजारांतील सुकटीच्या भावाची जी स्थिरता कागदावर दिसते ती संशयाने पाहिली पाहिजे. याला पुन्हा ऋतूचे परिमाण आहे. पावसाळ्यात वाळवण बंद पडते, म्हणून आगोटीच्या खरेदीला, म्हणजे मृगापूर्वीच्या बेगमीला, कोकणात व देशावर सारखेच महत्त्व होते. ज्याला चैत्र-वैशाखात एकदम खरेदी करण्याइतके पैसे जमविता येत ते कुटुंब स्वस्तात सुटे. ज्याला भाद्रपदात चिपट्याचिपट्याने घ्यावे लागे ते तीच सुकट महाग खाई. वार्षिक सरासरी भावात ही दोन कुटुंबे एकच होतात.

हा महाग भाव कोण देत होते? सुकट-बोंबील हे मराठवाड्यात मुख्यतः शेतमजुरांचे, गावकुसाबाहेरच्या वस्त्यांचे, हातावर पोट असणाऱ्यांचे खाणे राहिले. पैठणच्या गोदावरीत ताजी मासळी होती आणि भोई समाज ती पकडीत असे. पण नदीपासून दूरच्या कोरडवाहू गावांना, करमाडसारख्या गावांना, तिचा उपयोग थोडाच. थोडक्या सुकटीने भाकरीला चव येते, ती महिनोन्महिने टिकते, आणि शिजवायला तेल फार लागत नाही. या गुणांमुळे ती गरिबाच्या घरी आली आणि वासामुळे व खाणाऱ्यांच्या जातीमुळे पांढरपेशा लेखनाबाहेर राहिली. जिल्हा गॅझेटियरांत कापूस, जवस, हिमरू यांच्या व्यापारावर परिच्छेदच्या परिच्छेद असतात. सुकटीला एखाद्या ओळीपलीकडे जागा मिळत नाही. मराठवाड्यातील दलितांच्या खाद्यसंस्कृतीची सविस्तर नोंद करणारे शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' हे पुस्तक २०१५ मध्ये आले, यावरून या मौनाची लांबी कळावी. इतिहासकाराच्या दृष्टीने येथे खरी हानी झाली आहे. ज्यांनी इंग्रजांचा मिठाचा कर आणि निजामाची जकात एकाच घासात भरली, त्यांची नोंद दोन्ही सरकारांच्या कागदांत केवळ मालाच्या मूल्याच्या रूपाने उरली आहे.

१९४७ नंतरचा भाग वेगाने पाहता येईल. मिठाचा कर गेला. १७ सप्टेंबर १९४८ रोजी हैद्राबाद संस्थानाची स्वतंत्र सत्ता संपली, तरी सीमेवरील जकात त्याच दिवशी संपली नाही. संविधान अमलात आल्यानंतरच्या वर्षांत ती टप्प्याटप्प्याने उठली, आणि हाली सिक्काही त्याच दशकात चलनातून गेला. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा मुंबई राज्यात आला. एकाच सातपाटीचा बोंबील करमाडला १९४० मध्ये परराज्यातून आलेला, १९५२ मध्ये दुसऱ्या घटक राज्यातून आलेला, आणि १९५७ मध्ये त्याच राज्यातला होता. या सतरा वर्षांच्या आयातीचा आलेख काढला तर तो उतरत उतरत शून्यावर येईल. आवकेचा आलेख मिळाला तर तो तसा येण्याचे काहीच कारण नाही.

समुद्राकडेही मोठा पालट घडत होता. १९५३ मध्ये कोचीहून गोठवलेली कोळंबी प्रथम अमेरिकेला गेली. तोपर्यंत भारताच्या मासळीच्या निर्यातीत सुक्या मालाचे वर्चस्व होते; साठीच्या दशकात सिंहल व ब्रह्मदेश यांनी परकीय चलनाच्या टंचाईमुळे आयात आवळली, ६ जून १९६६ च्या रुपयाच्या अवमूल्यनाने डॉलर देणाऱ्या गिऱ्हाइकाचे आकर्षण वाढविले, आणि भांडवल वाळवणीकडून शीतगृहाकडे वळले. सुका माल देशी बाजारासाठी उरला. मात्र याच सुमारास अंतर्भागात त्याला प्रतिस्पर्धी निर्माण झाला. पैठणच्या जायकवाडी धरणाचा पाया १९६५ मध्ये पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते घातला गेला आणि १९७६ मध्ये धरण पूर्ण झाले. नाथसागरातील ताजी मासळी, पुढे बर्फ आणि मालमोटारी, यांनी सुकटीचे जुने क्षेत्र बरेच व्यापले. नव्वदीच्या दशकात मनमाड-औरंगाबाद मार्ग रुंद झाला व मनमाडची चढउतार संपली; पण तोपर्यंत हा माल रस्त्यावर गेला होता.

सीमा पुन्हा एकदा आडवी आली ती भलत्याच ठिकाणी. १९९७ मध्ये युरोपीय संघाने भारतातील मान्यताप्राप्त गोठवण व डबाबंदी कारखान्यांखेरीज इतर ठिकाणची मासळी घेण्यास बंदी केली, आणि उघड्यावर वाळविलेला बोंबील इंग्लंडच्या दुकानांतून नाहीसा झाला. तेथे त्याची वार्षिक खपत तेरा टनांच्या आसपास होती. मोठा व्यापार नव्हे. तरीही तेथील चाहत्यांनी मोहीम चालविली, भारतीय उच्चायुक्तालयाने बोलणी केली, आणि मासळी उघड्यावर वाळवली तरी चालेल, मात्र बांधणी मान्यताप्राप्त केंद्रात झाली पाहिजे, अशी तडजोड निघाली. तेरा टनांच्या या प्रकरणाची कागदपत्रे दोन खंडांत जतन झाली आहेत.

मराठवाड्याच्या सुकटीच्या बाबतीत जतन झालेली सामग्री वेगळ्या जातीची आहे. करोडगिरीच्या मूल्यनोंदी, लोहमार्गाची दरपत्रके, आडत्यांच्या वह्या ही एक बाजू; बाजारात वापरले जाणारे शब्द ही दुसरी. १ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणी आली, आणि १९६२ पर्यंत व्यापारात मेट्रिक वजने सक्तीची झाली. तेव्हापासून सुकट कायद्याने ग्रॅमांत विकली जाते. चिपटे आणि मापटे ही नावे मात्र म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यात अजून येतात. त्यांनी सांगितलेला जुना भाव टिपून घेताना तो हालीत की कलदारांत, आणि माप शिगेचे की सपाट, हे त्याच वेळी विचारून घेतले पाहिजे.